पान आणि जहाज : एका विशेषनामाच्या अर्थाविषयी

विशेषनामाला अर्थ असतो काय, हा प्रश्न तत्त्वज्ञानाच्या ग्रंथांत बहुधा निरुपद्रवी उदाहरणांच्या आधारे चर्चिला जातो. ॲरिस्टॉटल, सिसेरो, पहाटेचा शुक्र, एखादी नगरी. ज्या नावांमागे कुणाचे काही पणाला लागलेले नाही अशी नावे घेतली की सिद्धान्त नेटका उतरतो. प्रस्तुत लेखात अमेरिकेतील एका मुलीचे नाव विचारासाठी घ्यावयाचे आहे, आणि ते तसे निरुपद्रवी नाही. नाव आहे फिलिस. इंग्रजीत ते दोन प्रकारे लिहिले जाते. पहिल्या अवयवात ‘वाय’ असलेले रूप विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात अमेरिकेत पुष्कळ चालले. ‘आय’ असलेले रूप मात्र विरळच राहिले. या विरळ रूपाने सर्वाधिक ओळखली जाणारी व्यक्ती म्हणजे कवयित्री फिलिस व्हीटली. तिच्या संदर्भात ‘या नावाचा अर्थ काय?’ असे विचारले की त्यामागून लगेच दुसरा प्रश्न येतो : आपण उत्तर कुणाकडे मागत आहोत? कोशकाराकडे, जहाजमालकाकडे, की तिच्याकडे?

तिचे चरित्र परिचित आहे. पुढील विवेचनाला लागेल तेवढेच येथे सांगतो. १७६१ च्या जुलै महिन्यात पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून माणसे घेऊन निघालेले ‘फिलिस’ नावाचे शिडाचे जहाज बॉस्टनच्या बंदराला लागले. टिमथी फिच हा त्याचा मालक आणि पीटर ग्विन हा कप्तान. फिचने ग्विनला लिहिलेली काही पत्रे आज उपलब्ध आहेत. त्यांत माणसांचा उल्लेख मालाच्या परिभाषेत येतो. या मालात सात-आठ वर्षांची एक अशक्त मुलगी होती. तिचे वय पुढचे दात पडलेले पाहून ठरवण्यात आले. जॉन व्हीटली नावाच्या सधन गृहस्थाने आपली पत्नी सुझॅना हिच्या सेवेसाठी तिला विकत घेतले आणि ज्या जहाजातून ती उतरली त्याचेच नाव तिला दिले. आडनाव अर्थातच मालकाचे. बारा वर्षांनी, १७७३ साली, लंडनमध्ये तिचा ‘पोएम्स ऑन व्हेरियस सब्जेक्ट्स, रिलिजस अँड मॉरल’ हा संग्रह निघाला. अमेरिकेतील आफ्रिकी वंशाच्या व्यक्तीचा हा पहिला प्रकाशित कवितासंग्रह. त्याच्या शीर्षकपृष्ठावर कवयित्रीच्या नावाखाली ती कोणाची सेविका आहे हेही छापलेले आहे.

कोशाचे उत्तर सोपे आहे, आणि सुंदरही. ग्रीक भाषेत ‘फिलिस’ म्हणजे पालवी, हिरवी डहाळी. ‘फिलॉन’ म्हणजे पान. वनस्पतिशास्त्रातल्या ‘क्लोरोफिल’मध्ये तेच पान दडलेले आहे. पुराणकथेतील फिलिस ही थ्रेसची राजकन्या. ट्रॉयहून परतणाऱ्या डेमोफूनवर तिचे प्रेम जडते. परत येण्याचे वचन देऊन तो अथेन्सला निघून जातो. ती किनाऱ्यावर त्याच्या जहाजाची वाट पाहत राहते आणि अखेरीस जीव देते. तिचा बदामाचा वृक्ष झाला, असे या कथेचे एक रूप सांगते. ओव्हिडच्या ‘हेरॉइडीझ’मधील दुसरे पत्र तिच्याच तोंडी आहे. व्हर्जिलच्या गोपकाव्यांत हे नाव गोपकन्येचे झाले, आणि तेथून ते इंग्रजी गोपकाव्यात इतके रुळले की कुरणातल्या कोणत्याही प्रियेला ते चालावे.

परंतु या परंपरेतले सर्वांत अस्वस्थ करणारे स्थळ होरेसच्या ‘ओड्स’मध्ये आहे. दुसऱ्या पुस्तकातील चौथे गीत त्याने झँथियास नावाच्या मित्राला उद्देशून लिहिले. झँथियासचे मन एका दासीवर बसले आहे आणि त्याला त्याची लाज वाटते. होरेस त्याची समजूत घालतो. अकिलीझ, एजॅक्स, ॲगमेम्नन यांनाही बंदिवान स्त्रियांचा मोह पडलाच होता. शिवाय कोण जाणे, ही सोनेरी केसांची मुलगीसुद्धा एखाद्या राजकुळातली असेल, घरचे देव प्रतिकूल झाले म्हणून मनातल्या मनात झुरत असेल. या दासीचे नाव फिलिस. गीत थट्टेचे आहे, आणि थट्टेचा सगळा रस दासीचे कुळ अज्ञात असण्यात आहे. ते तिला विचारता आले असते, ही शक्यता गीताला शिवतही नाही.

समीक्षकाला येथे मोठा मोह पडतो. दूर देशी आणलेली मुलगी, जहाजाची वाट पाहणारी राजकन्या, कुळ हरवलेली रोमन दासी, सक्तीने रोवलेली आणि तरीही फुटलेली पालवी : या साऱ्यांची एकमेकांत गुंफण करून एक देखणा निबंध सहज लिहिता येईल. असे निबंध मी वाचलेले आहेत. त्यांतील विद्वत्तेविषयी माझी तक्रार नाही. पण त्यांच्या देखणेपणाविषयी आहे. जहाजाचे बारसे करणाऱ्याच्या मनात थ्रेसची राजकन्या होती असे मानण्यास आधार नाही, आणि बॉस्टनच्या धक्क्यावर त्या मुलीला हाक मारणाऱ्याच्या मनात तर एक जहाज होते. पोत्यावर ज्या गलबतातून ते आले त्याचे नाव लिहावे, इतक्याच हेतूने ते नाव तिच्यावर आले. व्युत्पत्तीचे सौंदर्य या व्यवहारावर पांघरूण घालणार असेल तर व्युत्पत्ती सांगणे हेही नैतिकदृष्ट्या तटस्थ कर्म उरत नाही.

मग कोश बाजूला ठेवून विशेषनामाला अर्थच नसतो असे म्हणावे काय? मिलने ‘सिस्टिम ऑफ लॉजिक’मध्ये (१८४३) तसे म्हटले आहे. विशेषनाम निर्देश करते, गुण सांगत नाही. मिलने दृष्टान्त अरबी कथांमधून घेतला : घर पुन्हा ओळखता यावे म्हणून चोर दारावर खडूची खूण करतो, आणि मॉर्जियाना आसपासच्या घरांवरही तशाच खुणा करून तिचा उपयोग नाहीसा करते. मिलला तेथे प्रयोजन नव्हते, आपल्याला मात्र आहे, म्हणून आठवण करून देतो : मॉर्जियाना ही गुलाम आहे. घरावर कुणी खूण केली आहे आणि कशासाठी, हे घरात सर्वांत आधी तिच्या ध्यानात येते.

आपल्याकडे मम्मटाने ‘काव्यप्रकाशा’च्या दुसऱ्या उल्लासात महाभाष्याचा आधार घेऊन संकेताचे जाति, गुण, क्रिया आणि यदृच्छा असे चार विषय मानले. विशेषनाम यदृच्छेच्या वाट्याला जाते : वक्त्याने आपल्या इच्छेने वस्तूवर बसवलेला उपाधी. येथे इच्छा वक्त्याची आहे, ज्याला नाव मिळते त्याची नव्हे. आणि मम्मटाने ही गोष्ट कोणताही आडपडदा न ठेवता सांगितली आहे, असे मला वाटते. क्रिपकेने १९७० मधील ज्या व्याख्यानांतून आधुनिक नामचर्चेची दिशा बदलली त्यांतही मूळ घटना हीच आहे. कुणीतरी प्रथम नामकरण करतो, क्रिपके त्याला बाप्तिस्म्याचे नाव देतो, आणि मग एकाकडून दुसऱ्याकडे जाणाऱ्या वापराच्या साखळीतून ते नाव त्याच व्यक्तीचा निर्देश करीत राहते. नाव ठेवणारा कोण होता आणि त्याला तो अधिकार होता की नव्हता, हा प्रश्न या उपपत्तीला पडत नाही. तिला त्याची गरजही नाही. आपल्या उदाहरणात तर मूळ बाप्तिस्मा मुलीचा नव्हताच, जहाजाचा होता.

अधिकाराचा प्रश्न ज्यांना पडला ते नैयायिक. विश्वनाथ पंचाननाच्या ‘न्यायसिद्धान्तमुक्तावली’त शब्दशक्तीची चर्चा येते. अमुक शब्दापासून अमुक अर्थाचा बोध व्हावा ही ईश्वरेच्छा, तीच शक्ती, असा जुना पक्ष. यावर साहजिकच शंका येते : काल जन्मलेल्या मुलाला आज ठेवलेल्या नावात ही शक्ती कोठून येणार? उत्तर असे दिले जाते की अकराव्या दिवशी पित्याने नाव ठेवावे अशी ईश्वराज्ञा आहे, म्हणून त्या नावातही शक्ती आहे. मात्र माणसांनी आपापसात ठरवलेल्या इतर संकेतांत ती नाही. नव्यांना हे मान्य नाही. ईश्वर कशाला, इच्छा पुरेशी आहे. कुणाच्याही इच्छेने संकेत सिद्ध होतो. सतराव्या शतकातील हा वाद बॉस्टनच्या धक्क्यावर नेऊन उभा केला तर काय दिसते? भाषाव्यवहारापुरते नव्यांचे म्हणणे खरे ठरते. व्हीटलीने ‘फिलिस’ म्हटले, मुलीने मान वर केली, संकेत सिद्ध झाला. पण जुन्या पक्षाच्या हटवादात एक नैतिक जाण आहे, ती नव्यांच्या सुटसुटीतपणात हरवते. नाव ठेवण्याला अधिकार लागतो, आणि तो कोणालाही असतो असे नाही.

यावर एक आक्षेप संभवतो, आणि तो दुर्लक्षिण्याजोगा नाही. नाव कुणाचेच स्वतःचे नसते. पित्याने ठेवलेले नावही यदृच्छाच. अर्भकाची संमती कोणी घेतलेली नसते. मग मालकाने ठेवलेले नाव आणि पित्याने ठेवलेले नाव यांत तत्त्वतः भेद काय? भेद अर्भक आणि सात वर्षांची मुलगी यांच्यातला आहे. अर्भकाला नाव ठेवताना एक रिकामी जागा भरली जाते. सात वर्षांच्या मुलीला ‘तुझे नाव काय?’ असे विचारले तर ती सांगू शकते. भाषा वेगळी असली तरी हा प्रश्न हातवाऱ्यांनी विचारता येतो. प्रवाशांनी तो अनोळखी किनाऱ्यांवर सर्वत्र विचारलेला आहे. दात मोजणाऱ्यांनी तो विचारला नाही. या नामकरणातील अन्याय क्रौर्याचा नाही. व्हीटली कुटुंबाने तिला लिहिणे-वाचणे, पुढे लॅटिनही शिकू दिले, हे नोंदवलेच पाहिजे. अन्याय असा की जिच्याजवळ उत्तर होते तिला प्रश्नच केला गेला नाही. ते पहिले नाव तिच्या कवितांत नाही, उपलब्ध पत्रांत नाही, कोणत्याही नोंदीत नाही.

आणि तरीही नावाचा अर्थ केवळ देणाऱ्याच्या हेतूत शोधणे अपुरेच. टोनी मॉरिसनच्या ‘साँग ऑफ सॉलोमन’ (१९७७) या कादंबरीत याच्या नेमके उलट उदाहरण आहे. निरक्षर बाप नवजात मुलीसाठी बायबल उघडून एका अक्षरसमूहावर बोट ठेवतो, कारण त्या अक्षरांच्या आकारात त्याला लहान झाडांवर सावली धरणारे एक मोठे झाड दिसते. शब्द निघतो ‘पायलेट’, म्हणजे ख्रिस्ताला क्रुसावर पाठवणारा सुभेदार. सुईण त्याला परावृत्त करू पाहते. बाप बधत नाही. मोठेपणी ती मुलगी नावाचा तो कागद पितळी डबीत घालून कानात वागवते. येथे कोशातील अर्थ अमंगळ आणि देणारा प्रेमळ. फिलिसच्या बाबतीत कोशातील अर्थ मंगल आणि देणारा खरेदीदार. दोन्ही ठिकाणी कोश निरुपयोगी ठरतो. नावाचा अर्थ देणारा आणि घेणारी यांच्यातील संबंधात असतो, आणि संबंध ही कालांतराने बदलू शकणारी गोष्ट आहे. गॅरेथ इव्हान्सने १९७३ मध्ये क्रिपकेविरुद्ध मादागास्करचे उदाहरण दिले होते : आफ्रिकेच्या मुख्य भूमीच्या एका भागाचे नाव गैरसमजातून बेटाला लागले, आणि आता ते बेटाचेच आहे. उगम नावाला कायमचे बांधून ठेवीत नाही. बेटाने मात्र यात काही केले नव्हते. फिलिसने केले.

१७७१ मध्ये, अठराएक वर्षांची असताना, बॉस्टनच्या ओल्ड साउथ चर्चमध्ये तिचा बाप्तिस्मा झाला, फिलिस या नावानेच. धक्क्यावरच्या नामकरणानंतर दहा वर्षांनी झालेल्या या विधीत तिचा स्वतःचा होकार होता. याला स्वातंत्र्य म्हणणे फार होईल. पण ज्या नावाने तिला विकत घेण्यात आले त्याच नावाने ती आपल्या देवासमोर उभी राहिली, एवढे खरे. १७७३ च्या संग्रहातील मिसीनसला उद्देशून लिहिलेली पहिली कविता या दृष्टीने वाचण्यासारखी आहे. तीत ती लॅटिन नाटककार टेरेन्सला आठवते, आफ्रिकेच्या संततीपैकी एकट्या त्यालाच वाग्देवतांनी कृपा का केली असे विचारते, आणि तो जन्माने आफ्रिकी होता अशी तळटीप जोडते. या कवितेवरील भाष्यांत हे स्थळ आफ्रिकी पूर्वसूरीच्या शोधाचे म्हणून येते. मला त्यात नावाचा धागाही दिसतो. टेरेन्स हे त्या नाटककाराचे मूळ नाव नव्हे. तो टेरेन्शियस लुकेनस या रोमन सिनेटराचा गुलाम होता. मुक्ती मिळाली तेव्हा मालकाचे कुलनाम त्याला लागले आणि त्यापुढे ‘आफेर’, आफ्रिकी, हे विशेषण उरले. आज त्या सिनेटराला कोणी ओळखत असेल तर ते त्याच्या गुलामामुळे. जॉन व्हीटलीची स्थितीही तीच झाली आहे.

या उलटापालटीवर समाधान मानणे मात्र मला घाईचे वाटते. याच संग्रहातील अर्ल ऑफ डार्टमथला उद्देशून लिहिलेल्या कवितेत, स्वातंत्र्याची ओढ आपल्यात कोठून आली हे सांगताना, ती लेकरू हिरावले गेलेल्या बापाच्या दुःखाची कल्पना करते. नैयायिकांनी ज्याला नामकरणाचा अधिकारी मानले तो पिता येथे प्रथमच कवितेत येतो. त्याने ठेवलेले नाव येत नाही. १८३४ मध्ये मार्गारेटा ओडेलने लिहिलेल्या आठवणींनुसार तिला आफ्रिकेतील एकच गोष्ट आठवत असे : सूर्य उगवताना आई त्याच्यासमोर पाणी ओतत असे. आणि १७७५ च्या जानेवारीत बॉस्टनच्या ‘रॉयल अमेरिकन मॅगझिन’मध्ये, नौदलातील एका गृहस्थाच्या कवितेला उत्तर म्हणून छापलेल्या तिच्या कवितेत गांबिया येतो, पालवी फुटलेला, वसंतातला, अस्सल गोपकाव्याच्या रीतीने रंगवलेला. गोपकाव्यातील साचेबंद नाव धारण करणारी स्त्री त्याच काव्यप्रकाराची सामग्री घेऊन हरवलेला प्रदेश उभा करते. कोशातला पानाचा अर्थ मी वर नाकारला. येथे तो तिच्या लेखणीतून परत येतो, आणि तिचा असल्यामुळे तो नाकारता येत नाही.

ती कविता लिहू शकते यावर विश्वास बसावा म्हणून संग्रहाच्या आरंभी अठरा प्रतिष्ठित बॉस्टनकरांचे प्रमाणपत्र आहे. त्यांत गव्हर्नर थॉमस हचिन्सन आहेत, जॉन हँकॉक आहेत. सह्या करणाऱ्यांची नावे पूर्ण. जिच्यासाठी सह्या, ती नुसती फिलिस. लेखकाचे नाव हे साधे विशेषनाम नसून संहितांच्या व्यवहारातील एक कार्य आहे असे फूकोने १९६९ मध्ये सांगितले. येथे ते कार्य सुरू होण्यासाठी आधी इतर अठरा नावे खर्ची पडावी लागली. पुढे जेफर्सनने ‘नोट्स ऑन द स्टेट ऑफ व्हर्जिनिया’त तिला कवयित्री मानण्यास नकार दिला तेव्हा त्याने तिच्या नावाआधी अनिश्चितवाचक उपपद लावले. विशेषनामाचे सामान्यनाम झाले. धर्माने अशी एखादी फिलिस निर्माण केली खरी, असा त्याचा सूर. आडनावाचे वर्णलेखन त्याने चुकवले, आणि पहिल्या नावात ग्रीक मुळाला अनुसरून ‘वाय’ घातला.

हा ‘वाय’ क्षुल्लक नाही. त्या काळी इंग्रजीत दोन्ही रूपे चालत, म्हणून एकट्या ‘आय’वरून काही सिद्ध होत नाही. पण जहाजाचे नाव आणि तिच्या पुस्तकावरचे नाव एकाच वर्णलेखनाने जोडलेले आहे. ते ‘शुद्ध’ केले की राजकन्या आणि गोपी जवळ येतात, जहाज दिसेनासे होते. तिच्या नावाने उभ्या राहिलेल्या अनेक संस्थांच्या पाट्यांवरही ही दुरुस्ती झालेली आढळते. १८९० च्या दशकापासून कृष्णवर्णीय स्त्रियांनी अमेरिकेत ठिकठिकाणी तिच्या नावाची मंडळे काढली. जेन एडना हंटर यांनी १९११ मध्ये क्लीव्हलंडला नोकरदार मुलींसाठी सुरू केलेल्या संस्थेनेही पुढे तिचेच नाव घेतले, ‘आय’ राखून. या स्त्रियांसाठी फिलिस म्हणजे पान नव्हते, जहाजही नव्हते. ती कवयित्री होती. देवनागरीत हा सारा प्रश्न उद्भवतच नाही. दोन्ही रूपे आपण ‘फिलिस’ अशीच लिहितो, आणि जो भेद इंग्रजी पाट्या पुसतात तो आपल्या लिपीत उमटतच नाही.

उरतो तो तिला काय म्हणावे हा प्रश्न. या लेखात मिल, क्रिपके, जेफर्सन आडनावाने आले आणि ती पहिल्या नावाने. गुलामांना केवळ पहिल्या नावाने हाक मारण्याची जी रीत होती तिचीच ही पुनरावृत्ती, असा आक्षेप कोणी घेतल्यास तो योग्य ठरेल. ‘व्हीटली’ म्हटल्याने मात्र तो दूर होत नाही, कारण ते आडनाव तिला बाळगणाऱ्या घराचे. १७७३ मध्ये तिला मुक्ती मिळाली. १७७८ मध्ये तिने जॉन पीटर्स या मुक्त कृष्णवर्णीयाशी विवाह केला आणि त्यानंतर ती स्वतःला फिलिस पीटर्स म्हणवू लागली. ऑनोरे फॅनोन जेफर्स या कवयित्रीने ‘द एज ऑफ फिलिस’ (२०२०) या आपल्या काव्यग्रंथात आणि त्यासोबतच्या लेखनात तिला तिच्या वैवाहिक नावासह ओळखले जावे असा आग्रह धरला आहे. विवाहाने येणारे आडनाव म्हणजे स्त्रीच्या नावावरचे आणखी एक आक्रमण, असे आपण स्त्रीवादी समीक्षेच्या प्रभावाखाली सहज म्हणून जातो. सर्वसाधारणपणे ते खरेही आहे. परंतु जिच्या आयुष्यातील इतर दोन नावे जहाजाकडून आणि मालकाकडून आली तिच्या बाबतीत हे एकच नाव तिने स्वतः होकार देऊन घेतले होते. ग्रंथालयांच्या सूचींतून ते वगळून व्हीटली कायम ठेवणे मला समर्थनीय वाटत नाही.

अडचण अशी की पीटर्स या नावाने तिचे पुस्तकच नाही. १७७९ मध्ये बॉस्टनच्या वृत्तपत्रात तिच्या दुसऱ्या संग्रहासाठी वर्गणीदार मागणारी जाहिरात आली. कवयित्रीचे नाव फिलिस पीटर्स. संग्रह निघाला नाही. १७८४ मध्ये ‘लिबर्टी अँड पीस’ ही कविता त्या नावाने छापून आली, आणि त्याच वर्षी ५ डिसेंबर रोजी बॉस्टनमध्येच तिचा मृत्यू झाला. दुसऱ्या संग्रहाचे हस्तलिखित पुढे सापडले नाही.